मागून लागलेल्याला जास्त पगार: आंतरजिल्हा बदली, बारा वर्षांची वरिष्ठ श्रेणी आणि निवृत्तीच्या तोंडावर निघालेली वसुली

प्रश्न आला आहे भंडारा जिल्ह्यातल्या लाखांदूर तालुक्यातून. जिल्हा परिषद शाळेवरच्या एका मॅडम लिहितात: जुलै १९९७ मध्ये गडचिरोली जिल्हा परिषदेत सहायक शिक्षिका म्हणून लागले. पूर्ण नोकरी कोरची तालुक्यात झाली, २००२ पासून एकस्तर वेतनश्रेणी (आदिवासी-नक्षलग्रस्त भागात असेपर्यंत मिळणारी वरच्या पदाची श्रेणी) मिळत होती. मे २००९ मध्ये आंतरजिल्हा बदलीने भंडाऱ्यात आले. बाजूच्या शाळेतले सर १९९९ ला लागलेले, तरी त्यांचा पगार माझ्यापेक्षा जास्त. त्यांना बारा वर्षांची वरिष्ठ श्रेणी (पदोन्नती न होता मिळणारी वरची वेतनश्रेणी) २०११ ला मिळाली, मला २०२१ ला. कार्यालय म्हणतं, बदलीने तुमची ज्येष्ठता गेली, बारा वर्षं इथं आल्यापासून मोजायची. २०१३ आणि २०१८ ला अर्ज दिले, उत्तर नाही. आता ३० जून २०२६ ला निवृत्ती आहे आणि सेवापुस्तक तपासताना आक्षेप निघाला की २००९ मध्ये एकस्तर काढताना एक वेतनवाढ जास्त लागली, २ लाख १४ हजार भरा. आणखी एक अर्ज देऊन वाट पाहू की कोर्टात जावं, आणि इतक्या वर्षांनी कोर्ट ऐकेल का?

मॅडम, ऐकेल. पण तुम्ही ज्या मुद्द्यावर भांडायला निघाला आहात तो मुद्दा बदलावा लागेल. "मागून लागलेल्या सरांना माझ्यापेक्षा जास्त का" असं तुमच्या दोन्ही अर्जांत लिहिलेलं आहे. माझ्याकडे येणारे दहातले आठ जण याच वाक्याने सुरुवात करतात, आणि याच वाक्यावर केस पडते. दुसऱ्याचा पगार हा तुमच्या हक्काचा पुरावा होत नाही. तुमचा हक्क एका तारखेवर उभा आहे: जुलै २००९, म्हणजे तुमची बारा वर्षं भरली तो महिना. भंडाऱ्यात येऊन दोनच महिने झाले होते. त्या महिन्यात वरिष्ठ श्रेणी लागायला हवी होती, ती का लागली नाही एवढंच विचारायचं. सरांचं नाव याचिकेत एखाद्या ओळीत येऊ द्या, त्याहून जास्त नको.

असं का सांगतो ते समजून घ्या. ज्येष्ठाचं वेतन कनिष्ठाच्या बरोबरीला आणण्याची तरतूद नियमांत आहे, पण तिच्या अटी कडक आहेत. दोघे एकाच संवर्गातले हवेत, पदं आणि वेतनश्रेण्या सारख्या हव्यात, आणि तफावत वेतननिश्चितीच्या नियमामुळेच थेट पडलेली हवी. कनिष्ठाला दुसऱ्या कुठल्या कारणाने जास्त मिळत असेल तर ज्येष्ठाला ते मागता येत नाही. १९९७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आर. स्वामिनाथन प्रकरणात हेच ठरवलं. तिथे कनिष्ठांना स्थानिक पातळीवर तात्पुरती बढती मिळाली होती, त्या काळातल्या वेतनवाढींमुळे त्यांचा पगार पुढे गेला होता. ज्येष्ठांची मागणी फेटाळली गेली. उलट बाजूने २००९ चा गुरचरण सिंग ग्रेवाल यांचा पंजाब वीज मंडळाविरुद्धचा निकाल आहे, त्यात ज्येष्ठाला कनिष्ठापेक्षा कमी वेतन राहू नये म्हणून दिलासा मिळाला. दोन्ही निकाल आजही दाखवले जातात. सरकारी वकील पहिला काढतात, आपण दुसरा काढतो, आणि सगळी लढाई "तफावत कशामुळे" या एका गोष्टीवर येऊन ठेपते. तुमच्या बाबतीत तफावत कशामुळे, हे आपल्याला स्वच्छ माहीत आहे. मग त्या वादात शिरायचंच कशाला?

तफावतीची कारणं किती बारीक असतात ते सातव्या वेतन आयोगाच्या एका आकड्यावरून बघा. १ जानेवारी २०१६ ची वेतननिश्चिती करताना सहाव्या आयोगातलं मूळ वेतन अधिक ग्रेड पे (पदाच्या श्रेणीनुसार त्यात मिळवायची ठरावीक रक्कम) घेऊन त्याला २.५७ ने गुणायचं, आणि येणारी रक्कम तक्त्यात नेमकी नसेल तर पुढच्या टप्प्यावर बसवायचं. वरिष्ठ श्रेणीतला एक शिक्षक १५,९९० वर होता, दुसरा १६,००० वर. फरक दहा रुपयांचा. पहिल्याचे झाले ४१,०९४, तो बसला ४१,१०० वर. दुसऱ्याचे झाले ४१,१२०. तो ४१,१०० च्या वर गेला म्हणून बसला ४२,३०० वर. दहा रुपयांचे बाराशे झाले, त्यावर महागाई भत्ता, घरभाडे, आणि दर वर्षीची तीन टक्के वाढ त्याच पायावर. हे दहा रुपये कुठून आले ते शोधायला २००६ किंवा २००९ च्या पानापर्यंत मागे जावं लागतं. म्हणून पगाराच्या स्लिपा समोरासमोर ठेवून काही कळत नाही. सेवापुस्तक पहिल्या पानापासून वाचावं लागतं.

आता मुख्य मुद्द्यावर येतो. बदलीने ज्येष्ठता जाते, हे कार्यालयाचं म्हणणं खरं आहे. विनंतीवरून दुसऱ्या जिल्ह्यात गेल्यावर नवीन जिल्ह्याच्या सेवाज्येष्ठता यादीत शेवटी नाव लागतं, आणि ते मान्य असल्याचं तुम्ही लिहून दिलेलं असणार. त्याविरुद्ध तक्रार करण्यात अर्थ नाही. पण सेवाज्येष्ठता यादीतला क्रमांक आणि केलेल्या सेवेची लांबी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. यादीतला क्रमांक पदोन्नतीसाठी लागतो, कारण तिथे एक पद आणि उमेदवार अनेक असतात. बारा वर्षांची वरिष्ठ श्रेणी कुणाला मागे टाकून मिळत नाही. ती एका पदावर कुंठित राहिलेल्या माणसाला त्याच्या सेवेच्या वर्षांवर मिळते. कोरचीतली तुमची जवळजवळ बारा वर्षं यादीतून वजा झाली म्हणून सेवेतून वजा झाली नाहीत.

याला आधार आहे. सी. एन. पोन्नप्पन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये सांगितलं की सहानुभूतीच्या कारणावरून बदली घेऊन यादीत तळाला गेलेल्या कर्मचाऱ्याची आधीच्या ठिकाणची सेवा पदोन्नतीच्या पात्रतेसाठी मोजली जाते. पुढे द्विजेन चंद्र सरकार यांच्या निकालात न्यायालय त्याहून स्पष्ट बोललं: एका खात्यातून दुसऱ्यात गेल्यावर ज्येष्ठता मिळणार नसली तरी कालबद्ध वेतनश्रेणीसाठी आधीची सेवा धरावीच लागेल. तुमच्या याचिकेचा कणा हाच निकाल आहे.

सरकारी वकील यावर काय म्हणतील तेही आताच सांगून ठेवतो. ती प्रकरणं केंद्र सरकारच्या नोकरीतली होती, मालक एकच होता. गडचिरोली जिल्हा परिषद आणि भंडारा जिल्हा परिषद या दोन स्वतंत्र संस्था आहेत. शिवाय एका प्रकरणात बदली लोकहितासाठी होती, तुमची विनंतीवरून. उत्तर तुमच्याच सेवापुस्तकात आहे. तुम्ही भंडाऱ्यात आल्या तेव्हा नव्याने नेमणूक झाली का? नाही. गडचिरोलीचं अंतिम वेतन प्रमाणपत्र घेऊन आल्या, शिल्लक रजा इकडच्या रजेच्या हिशेबात ओढली गेली, भविष्य निर्वाह निधीची रक्कम इकडे आली, आणि निवृत्तिवेतनासाठी आज तेच कार्यालय १९९७ पासूनची सेवा सलग धरतं आहे. पेन्शनला जी सेवा सलग आहे ती वरिष्ठ श्रेणीला तुटक कशी, हा प्रश्न शपथपत्रात जशाच्या तसा घाला. याचं समाधानकारक उत्तर देणारं शपथपत्र मी तरी अजून वाचलेलं नाही.

विदर्भातल्या नोकरदाराला हा प्रश्न नवा नाही. १ नोव्हेंबर १९५६ ला आपले आठ जिल्हे मध्य प्रदेशातून द्विभाषिक मुंबई राज्यात आले, तेव्हा नागपूरच्या बाबूंच्या आणि मुंबईच्या बाबूंच्या ज्येष्ठतेच्या याद्या एकत्र करताना भांडणं लागली आणि ती पुढे कितीतरी वर्षं कोर्टात चालली. पण तेव्हाही राज्य पुनर्रचना कायद्याच्या कलम ११५ ने एवढं सांभाळलं होतं की केंद्राच्या पूर्वमंजुरीशिवाय कर्मचाऱ्याच्या सेवाशर्ती त्याच्या तोट्याच्या करता येणार नाहीत. यादीत कुणाचा नंबर कुठे लागतो आणि माणसाने केलेली नोकरी, यांत फरक करण्याची समज तेव्हापासून कायद्यात आहे.

एक अडचण मात्र तपासून घ्या. वरिष्ठ श्रेणीला नुसती वर्षं पुरत नाहीत, विहित प्रशिक्षण लागतं. २ सप्टेंबर १९८९ च्या शासन निर्णयापासून, ज्याला आपल्याकडे आयोगाच्या अध्यक्षांच्या नावावरून अजूनही "चटोपाध्याय" म्हणतात, प्रशिक्षणाची अट चालत आली आहे. तुमचं प्रशिक्षण कधी झालं? २००९ च्या आधी झालं असेल तर रस्ता मोकळा आहे. नंतर झालं असेल तर कार्यालय त्या तारखेचा मुद्दा काढेल. तेव्हा तुमच्या जिल्ह्यात त्या काळात प्रशिक्षण ठेवलं होतं का आणि तुम्हाला बोलावलं होतं का, हे माहिती अधिकारात विचारून घ्या. शासनाने वर्गच भरवले नसतील तर त्याचा तोटा शिक्षकाच्या माथी मारू नये, असं म्हणायला जागा राहते. २०१७ मध्ये शाळासिद्धीत (शाळांच्या मूल्यमापनात) "अ" श्रेणीची एक नवीनच अट आली होती, ती नंतर मागे घेतली गेली. तुमचा हक्क २००९ चा असल्याने तिचा तुमच्याशी संबंध नाही. कुणी दाखवली तर गोंधळू नका.

चोवीस वर्षांच्या निवड श्रेणीचं गणित वेगळं आहे. तुमची वरिष्ठ श्रेणी २००९ ला सरकली की निवड श्रेणीची बारा वर्षं २०२१ ला भरतात, हे बरोबर. पण निवड श्रेणी सगळ्यांना नसते, वरिष्ठ श्रेणीतल्या वीस टक्क्यांनाच असते. त्या वीस टक्क्यांत आधी कोण, हे ठरवायला भंडारा जिल्हा परिषदेने कोणती यादी धरली ती मागा. तिथे दुसऱ्यांचे हक्क गुंतलेले आहेत, आणि दुसऱ्याचा हक्क गुंतला की उशीर माफ होत नाही. म्हणून ही मागणी याचिकेत दुय्यम ठेवा: वरिष्ठ श्रेणीची तारीख दुरुस्त झाल्यावर निवड श्रेणीसाठी माझा विचार करावा, एवढीच.

उशिराबद्दल. तुमची भीती खरी आहे. सतरा वर्षांनी आलात, असं कोर्ट म्हणेलच. पण वेतननिश्चिती चुकली असेल तर प्रत्येक महिन्याला कमी पगार मिळतो आणि प्रत्येक महिन्याला नवीन कारण घडतं, असं सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये एम. आर. गुप्ता या रेल्वे कर्मचाऱ्याच्या प्रकरणात सांगितलं आहे. २००८ च्या तरसेम सिंग निकालाने त्याला मर्यादा घातली. सैन्यातून १९८३ ला अपंगत्वामुळे बाहेर पडलेला माणूस १९९९ ला कोर्टात आला होता. हक्क मान्य झाला, थकबाकी मात्र याचिकेच्या आधीच्या तीन वर्षांचीच मिळाली. तुमचंही असंच होईल असं धरून चाला. म्हणजे वरिष्ठ श्रेणी जुलै २००९ पासून कागदावर लागेल, १ जानेवारी २०१६ ची वेतननिश्चिती ग्रेड पे २,८०० ऐवजी ४,२०० धरून पुन्हा होईल, आजचं मूळ वेतन वर सरकेल, आणि रोख थकबाकी शेवटच्या तीन वर्षांची हातात पडेल. पेन्शन, उपदान (ग्रॅच्युइटी), अंशराशीकरण (पेन्शनचा काही भाग एकरकमी घेणं) या सगळ्यांचा पाया आजचं मूळ वेतन आहे, म्हणून खरा फायदा तिथे आहे. पण यातून हेही लक्षात घ्या की याचिका दाखल व्हायला जितके महिने लागतील तितक्या महिन्यांची थकबाकी दुसऱ्या टोकाने गळत जाते.

आणखी एक अर्ज देऊन वाट पाहू, असं तुम्ही म्हणता. द्या, पण वाट पाहू नका. अर्जाने किंवा स्मरणपत्राने जुना दावा ताजा होत नाही, हे सी. जेकब प्रकरणात २००८ मध्ये ठरलं आहे. "आमच्या अर्जावर सहा आठवड्यांत निर्णय घ्यावा" एवढाच आदेश मिळवून लोक खुशीत घरी येतात, कार्यालय चार ओळींचं नकाराचं पत्र देतं, आणि वर्ष गेलेलं असतं. नवीन अर्जात तीनच गोष्टी लिहा: बारा वर्षं कोणत्या तारखेला भरली, प्रशिक्षण कधी झालं, आणि वरिष्ठ श्रेणी कोणत्या तारखेपासून हवी. गटशिक्षणाधिकाऱ्यांमार्फत शिक्षणाधिकारी (प्राथमिक) आणि मुख्य कार्यकारी अधिकारी यांना द्या, आवक क्रमांक आणि शिक्का असलेली पोच घ्या. महिनाभरात उत्तर आलं नाही तर पुढे जा.

पुढे म्हणजे कुठे? तुम्ही जिल्हा परिषदेच्या कर्मचारी आहात. तुमच्यासाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण नाही, थेट उच्च न्यायालयाचं नागपूर खंडपीठ, अनुच्छेद २२६ खाली. हीच गोष्ट ग्रामसेवक, आरोग्य सेविका, जिल्हा परिषदेचे कनिष्ठ सहायक यांना लागू. तलाठी, वनरक्षक, कृषी सहायक, पोलीस हे राज्य शासनाचे, त्यांना न्यायाधिकरणाच्या नागपूर खंडपीठात जावं लागतं आणि तिथे मुदत कडक आहे: आदेशापासून एक वर्ष, किंवा अर्ज देऊन सहा महिने उत्तर नाही तर त्यापुढे एक वर्ष. उशीर माफीचा अर्ज करता येतो, पण कारण पटावं लागतं. खासगी अनुदानित शाळेतल्या शिक्षकांना वाटतं की शाळा न्यायाधिकरणात जावं. ते बडतर्फी, पदावनती, पदोन्नतीत डावलणं यांसाठी. वेतनश्रेणीच्या वादासाठी त्यांनाही उच्च न्यायालयच.

आता वसुली. यात तुमची बाजू सगळ्यात भक्कम आहे, आणि आधी हात इथेच घालायला हवा.

१८ डिसेंबर २०१४ चा पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह हा निकाल आता तालुक्यातल्या बाबूंनाही तोंडपाठ आहे. कर्मचाऱ्याने फसवणूक केलेली नसताना कार्यालयाच्या चुकीने जादा रक्कम गेली असेल तर ती कोणाकडून वसूल करता येत नाही, याच्या पाच परिस्थिती त्यात सांगितल्या आहेत. वर्ग तीन आणि चारचे कर्मचारी. निवृत्त झालेले, किंवा आदेशापासून वर्षभरात निवृत्त होणारे. वसुलीचा आदेश निघण्याआधी पाच वर्षांहून जास्त काळ जादा रक्कम दिली गेली असेल तर. वरच्या पदाचं काम करून घेऊन त्याचा पगार दिला असेल तर. आणि वसुली करणं कर्मचाऱ्यावर अन्यायाचं, कठोर ठरणार असेल तर. पहिल्या तिन्हींत तुम्ही बसता. २०२२ मध्ये केरळच्या थॉमस डॅनियल या शिक्षकाच्या प्रकरणातही सर्वोच्च न्यायालयाने हीच भूमिका घेतली, तिथेही जादा वेतनवाढी होत्या आणि चूक कार्यालयाची होती.

कार्यालय यावर तुमचं हमीपत्र काढेल. सहाव्या आणि सातव्या आयोगाच्या वेतननिश्चितीच्या वेळी "जादा रक्कम आढळल्यास परत करीन" असं प्रत्येकाने लिहून दिलं आहे. २०१६ च्या जगदेव सिंग निकालात अशा हमीपत्रावरून वसुली कायम झाली. पण तिथला माणूस न्यायिक अधिकारी होता, तुम्ही वर्ग तीनच्या शिक्षिका आहात. शिवाय तुमच्याकडून २००९ आणि २०१९ ला घेतलेली हमीपत्रं आयोगाच्या वेतननिश्चितीपुरती आहेत. एकस्तर काढताना झालेली चूक वेगळी, तिच्यासाठी हमीपत्र घेतलं होतं का? सेवापुस्तकाला चिकटवलेलं असेल तर त्यावरची तारीख आणि मजकूर वाचा. नसेल तर तसं ठासून लिहा.

पण वसुली थांबली म्हणजे चूक कायम राहिली असं होत नाही. वेतन दुरुस्त करायचा अधिकार कार्यालयाला आहे, फक्त आधी तुमचं म्हणणं ऐकावं लागतं. निवृत्तिवेतन नियमांतल्या १३४-अ मध्येही कारणे दाखवण्याची संधी द्या असं म्हटलेलं आहे. म्हणून नोटिशीला उत्तर न देता बसू नका.

आणि उत्तरात हा मुद्दा पहिला घाला: एक वेतनवाढ जास्त लागली हे त्यांनी कुठल्या श्रेणीत मोजलं? एकस्तर योजना म्हणजे ६ ऑगस्ट २००२ च्या शासन निर्णयाने आदिवासी आणि नक्षलग्रस्त भागात काम करणाऱ्याला तिथे असेपर्यंत वरच्या पदाची वेतनश्रेणी. त्या भागातून बाहेर पडलं की मूळ श्रेणीत परत. परत येताना माणूस २००२ च्या टप्प्यावर येत नाही, मधल्या वर्षांच्या वाढी मूळ श्रेणीत काल्पनिक धरून जिथे असता तिथे येतो. हिशेब इथेच चुकतो, कधी इकडे कधी तिकडे. कोरची, धानोरा, एटापल्लीकडून बाहेर आलेल्या कितीतरी शिक्षकांच्या पुस्तकात हे पान खाडाखोडीचं असतं: काळ्या शाईत एक आकडा, त्यावर लाल रेघ, बाजूला नवीन आकडा, खाली सही आहे पण नाव नाही. तुमच्या पुस्तकातलं मे २००९ चं ते पान मोबाईलवर नीट उजेडात फोटो काढून ठेवा, आजच. पुस्तक वेतन तपासणीसाठी पुढे गेलं की तुम्हाला पुन्हा लवकर दिसणार नाही.

समजा एक वाढ खरंच जास्त लागली. पण दोनच महिन्यांनी, जुलै २००९ ला, तुम्हाला वरिष्ठ श्रेणी देय होती आणि तिथे वेतन नव्याने निश्चित व्हायचं होतं. मग तुम्हाला मिळालेलं वेतन देय वेतनापेक्षा जास्त होतं की कमी? बारा वर्षं खालच्या ग्रेड पेवर ठेवलेल्या शिक्षिकेला जादा रक्कम गेली, हा हिशेबच उलटा आहे. तुमचं देणं किती हे ठरवण्याआधी त्यांना तुमचं येणं किती हे ठरवावं लागेल. म्हणून वरिष्ठ श्रेणी आणि वसुली या दोन याचिका करू नका, एकच करा. वसुलीला स्थगिती पहिल्या तारखेला मागता येते आणि अशा वस्तुस्थितीत ती बहुधा मिळते. स्थगिती हाती असली की बाकीच्या सुनावणीला वेळ लागला तरी घर चालतं.

जे अजून कोरचीतच आहेत आणि तुमच्याहून कनिष्ठ असून जास्त घेतात, त्यांचं मनाला लावून घेऊ नका. तो जास्तीचा पगार त्या जागेचा आहे. तुम्हीही सात वर्षं घेतला, आणि हक्काने घेतला.

या काळात एक कागद तुमच्यापुढे येईल: "सदर वसुलीस माझी संमती आहे, उपदानातून कपात करावी." पेन्शनची फाईल अडू नये म्हणून सही करा, असं आपुलकीने सांगतील. सांगणाऱ्याचा हेतू वाईट असेलच असं नाही, त्यालाही फाईल निकाली काढायची असते. पण सही करू नका. अगदीच अडलं तर "माझे हक्क अबाधित ठेवून, हरकतीसह" असं स्वतःच्या अक्षरात लिहा आणि त्याची प्रत घ्या. विनाअट संमती दिल्यावर स्थगिती मागायला गेलेल्या माणसाची कोर्टात काय अवस्था होते ते मी पुष्कळदा बघितलं आहे. उपदानाचे पैसे मुलीच्या लग्नाला किंवा घराच्या स्लॅबला ठरलेले असतात आणि ते परत मिळवायला म्हातारपणी नागपूरच्या चकरा सुरू होतात.

माहिती अधिकारात सरांचं सेवापुस्तक मागू नका. कर्मचाऱ्याची सेवाविषयक कागदपत्रं वैयक्तिक माहिती आहेत असं सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये म्हटलं आहे (तो वाद आपल्या अकोल्याच्या भविष्य निर्वाह निधी कार्यालयातल्या अधिकाऱ्याबद्दलचा होता). नकार येईल आणि महिना जाईल. त्याऐवजी २००९ ते २०२१ मध्ये तुमच्या जिल्ह्यात वरिष्ठ श्रेणी मंजूर केल्याचे सामूहिक आदेश मागा. त्यात आंतरजिल्हा बदलीने आलेल्या कुणाची आधीची सेवा धरली गेली असेल तर तो आदेश तुमच्यासाठी सोन्यासारखा आहे. सारख्या परिस्थितीतल्या दुसऱ्यांना दिलं ते मला का नाही, हे म्हणणं कोर्टात टिकतं, कारण ते नियमाच्या वापराबद्दल आहे. तुमच्यासारख्या आणखी शिक्षिका असतील तर एकत्र याचिका करा, खर्च वाटला जातो. फक्त प्रत्येकीची नेमणूक, बदली आणि प्रशिक्षणाची तारीख वेगळ्या तक्त्यात द्या. वर्गणी गोळा करून पुढे काहीच न सांगणाऱ्यांपासून मात्र सांभाळा, वकीलपत्रावर स्वतः सही करा आणि याचिकेचा नोंदणी क्रमांक स्वतःजवळ ठेवा.

राज्य शासनाच्या नोकरीत असलेल्यांसाठी दोन शब्द, कारण तेही हे वाचतील. तुमचा वाद बहुधा आश्वासित प्रगती योजनेचा (पदोन्नती नसली तरी ठरावीक वर्षांनी वरची श्रेणी देणारी) असतो: १९९५ ची कालबद्ध पदोन्नती, २००१ ची सेवांतर्गत योजना, २०१० चा दुसरा लाभ, आणि २ मार्च २०१९ च्या निर्णयाने १ जानेवारी २०१६ पासून दहा, वीस, तीस वर्षांचे तीन लाभ. कोणता लाभ कोणत्या निर्णयाखाली मिळाला ते आदेशाच्या संदर्भात लिहिलेलं असतं, तिथून सुरुवात करा. पदोन्नती नाकारली असेल तर लाभ अडतो, हे आधी तपासा. एमएस-सीआयटी ३१ डिसेंबर २००७ पर्यंत पास न केल्याने रोखलेल्या वेतनवाढी आणि त्यांची वसुली हा आणखी एक प्रकार, त्यातही वसुलीपुरता रफिक मसीह कामाला येतो.

शेवटचा मुद्दा, मॅडम, तुम्ही विचारलेला नाही पण तुमच्या हक्काचा आहे. तुम्ही ३० जूनला निवृत्त होता. १ जुलैची वेतनवाढ तुम्ही वर्षभर काम करून कमावलेली आहे, आणि ११ एप्रिल २०२३ च्या सी. पी. मुंडिनामणी निकालाने ती निवृत्तिवेतनासाठी धरावी लागते, मग दुसऱ्या दिवशी तुम्ही नोकरीत नसलात तरी. पेन्शन प्रस्तावात ती काल्पनिक वाढ दाखवली आहे का ते सही करण्याआधी बघा. नसेल तर याचिकेत तीही मागणी घाला. वाद चालू आहे म्हणून पेन्शनचे कागद थांबवू नका, तात्पुरतं निवृत्तिवेतन सुरू करता येतं. आणि कोरची पंचायत समितीतून २००९ चं अंतिम वेतन प्रमाणपत्र आणि एकस्तर मंजुरीचा मूळ आदेश यांच्या साक्षांकित प्रती काढून आणा. एप्रिलच्या आत जा. उन्हाळी सुट्या आणि बदल्यांचा हंगाम लागला की तिथे जुनी फाईल काढून देणारा माणूस जागेवर सापडत नाही.